अप्पांच्या तोंडातला परका आवाज

यंदाही त्यांनी तो सिनेमा ऐन येळवशीच्या दिवशी लावला. कुठल्या वाहिनीनं, ते सांगत नाही. नाव घेतलं की तोंडात किडका शेंगदाणा आल्यागत होतं, आणि वर कितीही गूळ खा, ती कडवट चव दिवसभर जात नाही. शेतात ओल्या दाण्यांच्या नि पालेभाज्यांच्या भज्जीचं पातेलं नुकतं चुलीवरून उतरलं होतं. बायको मोबाइल बघत म्हणाली, "आहो, अप्पांचा पिच्चर लागलाय." मी म्हणालो, "आवाज बंद कर त्याचा." तिनं आधीच केला होता. आमच्या तेरमध्ये हा आता रिवाजच आहे. तो सिनेमा लागला की घोडे दौडतात तोवर आवाज चालू, तोफा उडतात तोवर चालू. अप्पांनी तोंड उघडलं की बंद. तोंड आमचं आहे, आवाज परका आहे. परक्याला आम्ही घरात घेत नाही.

ज्यांना येळवस माहीत नाही त्यांची मला कीव येते, पण सांगतो. मार्गशीर्षातली अमावस्या. त्या दिवशी आमचा सगळा जिल्हा घराला कुलूप लावून रानात जातो. ज्वारीच्या ताटांची खोपटासारखी कोप बांधायची, तिच्यात चुन्यानं रंगवलेले पाच दगड पांडव म्हणून मांडायचे, शिवारभर आंबील शिंपडायची, आणि मग बांधावरून जो जाईल त्याला हाताला धरून जेवायला बसवायचं. जात, पक्ष, भाऊबंदकी काही विचारायचं नाही. धाराशिव शहर असं ओस पडतं की एकदा मी औषध आणायला गेलो तर दुकानदार तर नव्हताच, चौकातली कुत्रीसुद्धा नव्हती. तीही कुणाच्या तरी ट्रॉलीत बसून भज्जी खायला गेली होती. हे खरं आहे. निम्मं तरी.

पहाटेच्या दवानं हरभऱ्यावर आंब चढलेली असते, पोटरीला लागली की चुणचुणते. करडईचे काटे धोतराला धरून बसतात. तेरणा नदीकडून गार वारं येतं, ज्वारी डोक्याच्या वर गेलेली असते आणि वारं सुटलं की सगळं शिवार एकदम कुजबुजतं. आणि मग तो वास. ताक, ज्वारीचं पीठ, ठेचलेला लसूण. आंबील. तो वास नाकात गेला की माझ्यापुढं अप्पा उभे राहतात. गळ्याला मफलर, तोंड घट्ट मिटलेलं. आणि माझं डोकं तापायला लागतं.

अप्पा म्हणजे शिवलिंगअप्पा. त्यांचं माझं शेत एकाच बांधाला. नाटकाच्या जाहिरातीवर 'शिवलिंगअप्पा तेरकर' असं मुठीएवढ्या अक्षरांत छापायचे. सिनेमाच्या पाटीवर छापायचे 'आणि इतर'.

पोरवयात अप्पा ज्वारीच्या राखणीला माळ्यावर बसायचे. हातात गोफण होती, पण ती शोभेला. अप्पांनी एक हाळी दिली की पाखरं उठायची ती सरळ येरमाळ्याच्या डोंगरावर जाऊन बसायची. तिथंच येडेश्वरीच्या पायथ्याला तेव्हा नाटक कंपनीचा तंबू पडला होता. मालकानं विचारलं म्हणे, "ही एवढी पाखरं कुणाला भ्यालीत?" आणि पाखरं आली त्या दिशेनं चालत चालत तो तेरला आला. आता एवढ्या लांब अप्पांचा आवाज गेला असं मी म्हणत नाही. लोक म्हणतात. मालक आला आणि पोरगं घेऊन गेला, एवढं मात्र त्यांच्या थोरल्या बहिणीच्या, अक्काच्या तोंडून ऐकलंय, आणि अक्का खोटं बोलत नाही. ते खातं माझ्याकडं आहे.

कंपनीत तालीम देणाऱ्या बुवांनी वर्षभर एकच स्वर लावायला लावला. मुकुट डोक्यावर असताना मान कशी वळवायची, शेला कोणत्या हातानं सावरायचा, पद संपलं की टाळी ओसरेपर्यंत डोळे कुठं ठेवायचे, सगळं शिकवलं. अप्पा राजा झाले. तरुण राजा, शापित राजा, वेडा राजा, राज्य गेलेला राजा. सांगलीत झाले, पुण्यात झाले, हुबळीच्या कानडी प्रेक्षकांपुढंही झाले. माइक नसायचा. अप्पांचं एकच म्हणणं, "पुढच्या खुर्चीवर बसलेला मानसाला बघाय येतो. शेवटच्या रांगंत बसतो तो नाटकाला येतो. त्याला ऐकू गेलं पायजे."

त्याची परीक्षा दर येळवशीला आमच्या रानात व्हायची. जगाच्या पाठीवर कुठंही असोत, अप्पा त्या दिवशी तेरला. ते कोपीपाशी उभे राहायचे. अक्का, म्हणजे गंगाक्का, रानाच्या पार दुसऱ्या टोकाला विहिरीच्या उंच काठावर जाऊन उभी राहायची. मधी माणूसभर उंच ज्वारी. अप्पा राजाचं वाक्य टाकायचे, "कोण आहे तिकडे?" जुन्या नाटकात राजा आला की सेवकाला अशी हाक मारायचाच. अक्काला ती नीट ऐकू आली तर तिचा हात वर जायचा. नाही आली तर हात कमरेवर, आणि विहिरीवरून ओरडणं, "ऐकू न्हाय आलं!"

तिनं कधी भावाचं तोंड बघून हात वर केला नाही. एका साली अप्पा मानाचं पदक घेऊन आले, गळ्यात घालूनच कोपीपाशी उभे राहिले. वाक्य टाकलं. अक्काचा हात कमरेवर. "ऐकू न्हाय आलं!" पुन्हा टाकलं. पुन्हा तेच. तिसऱ्यांदा ती म्हणाली, "ते लोढणं काढ आदी गळ्यातलं, मग बोल." अप्पांनी पदक काढून पांडवांपुढं ठेवलं आणि म्हणाले ते असं म्हणाले की आमची म्हैस दावं तोडून गावात गेली आणि संध्याकाळी दुसऱ्याच्या गोठ्यात सापडली. अक्काचा हात वर. मग सगळे जेवायला बसले.

कंपन्या बसल्या, तंबू विकले गेले. अप्पा सिनेमात गेले. फौजदार, पाटील, नवरीचा बाप. तिथं त्यांना एकच शब्द ऐकू यायचा, कमी. "अप्पा, जरा कमी करा." "अप्पा, अजून कमी." एखाद्याला आयुष्यभर पोहायला शिकवायचं आणि मग म्हणायचं, ह्या तांब्यात पोहून दाखवा. अप्पांनी तेही दाखवलं! हे मी मुद्दाम सांगतोय, पुढं कामाला येईल. एका सिनेमात मुलीला सासरी लावून देताना ते नुसतं "ये बाई" म्हणाले. इतकं हळू, की पडद्यावर ओठ हलले का तेही कळलं नाही. थेटरात माझ्या शेजारी बसलेला जाडजूड ठेकेदार, ज्याला मुलगीसुद्धा नव्हती, तो उपरण्यात तोंड घालून रडला.

मग तो घोड्या-तोफांचा सिनेमा आला. अप्पांना म्हाताऱ्या किल्लेदाराचं काम. सगळे पळून गेलेत, दरवाज्यात एकटा म्हातारा, आणि शत्रूला सांगतोय की दार उघडणार नाही. अख्खा प्रसंग त्यांचा. सिनेमात आल्यापासून पहिल्यांदा कुणी त्यांना 'कमी' म्हणालं नव्हतं. तेरला आले ते तरुण होऊन. मला बांधावर गाठून म्हणाले, "टाळ्या वाजिवल्या बग त्यांनी. कॅमेरावाल्यानं पन! आता आवाज भरायला बोलिवतेत." सिनेमात असं असतं: आधी तोंड हलवायचं, मग महिन्या-दोन महिन्यांनी बंद खोलीत बसून तोच आवाज पुन्हा भरायचा.

त्या दिवसापासून अप्पांनी पथ्य धरलं. चिंच बंद, ताक बंद, मिरची बंद, लोणच्याकडं बघणं बंद. उन्हाळ्यात, आमच्याकडच्या, बरं का, जिथं सावलीलाही घाम येतो त्या उन्हाळ्यात, गळ्याला मफलर. सकाळ-संध्याकाळ हळद-मिठाच्या गुळण्या. बांधावर उभं राहून तो किल्लेदार घोकायचे. उन्हाळा गेला, पाऊस गेला, ज्वारी पेरली, ज्वारी गुडघ्याला आली. फोन आला नाही. आणि एके दिवशी धाराशिवच्या थेटरावर सिनेमाचा फलकच लागला.

"आता कसं, अप्पा?" मी विचारलं.

त्यांनी मफलरची गाठ सारखी केली. मग म्हणाले, "बोलिवलं न्हाय म्हंजी शूटिंगमदलाच आवाज ठिवला असंल. चांगला आला असंल तिथंच. परत कशाला भरायचा?"

हे आठवलं की अजून माझ्या हातातलं जे असेल ते फेकावंसं वाटतं.

पहिल्या खेळाला तेर गाव ट्रॉल्यांत बसून गेलं. अक्का पुढच्या ट्रॉलीत, इरकल नेसून. अप्पा इस्त्रीचा कोट घालून. आमच्याबरोबर मोटारी दुरुस्त करणारे रज्जाकभाई होते, सवयीनं खिशात टेस्टर घेऊन. पडद्यावर किल्लेदार दिसला आणि थेटर उभं राहिलं. शिट्ट्या, टोप्या वर. मग किल्लेदारानं तोंड उघडलं, आणि आतून भलताच माणूस बोलला.

तो आवाज वाईट नव्हता, हेच त्याचं वाईट. गुळगुळीत. तेल लावून भांग पाडलेला. कुठंही माती लागलेली नाही. कर्ज घ्या म्हणून फोन येतात ना, त्यातला माणूस कसा आपल्यावर माया करतो, तसा. मागं किल्ला पेटलाय, आणि हा इमारतीच्या सभेत पाण्याची वेळ सांगितल्यासारखा बोलतोय.

थेटर गार. त्या शांततेत अक्का म्हणाली, "शिवा, तुज्या तोंडातनं ह्यो कोन बोलायलाय रं?"

आणि मग आमच्या लोकांनी जे केलं ते जगात फक्त आमचेच लोक करतील. त्यांना वाटलं, मशीन बिघडलं. दुसरं काय वाटणार? माणसाचं तोंड ठेवून आवाज कुणी काढून घेत असेल, हे आमच्या डोक्यात येणारच नाही. "आवाज दुरुस्त करा!" सगळं थेटर ओरडलं. रज्जाकभाई टेस्टर काढून निघाले. "वायर चुकलीया. दुसऱ्या थेटरचा आवाज इकडं आलाय बगा. थांबा, म्या बगतो." ते वर मशीनच्या खोलीत घुसले, मागं अर्धं गाव. ऑपरेटर बिचारा हात जोडून म्हणतोय, "भाऊ, माल वरूनच आसा आलाय." कोण ऐकतो? त्याला तो प्रसंग मागं घ्यायला लावला. पुन्हा तोच तेलकट आवाज. पुन्हा मागं. रज्जाकभाईंनी एक वायर काढून फुंकून लावली. पुन्हा तोच.

अप्पा उभे राहिले. अंधारात, खुर्चीपाशी.

"बसा खाली," ते म्हणाले. "मशीन चांगलंय."

एवढंच. माइक नाही, काही नाही. पण वरच्या खोलीतल्या रज्जाकभाईंनाही ऐकू गेलं. त्या थेटरात त्या दिवशी किल्लेदाराचा खरा आवाज तेवढाच वाजला. मग ते बसले आणि शेवटपर्यंत बघत राहिले, त्या माणसाचं काम तपासल्यासारखे.

दुसऱ्या दिवशी मी सिनेमावाल्यांना फोन लावला. एक पोरगेला साहेब बोलला. "काका, अप्पांचा आवाज जरा नाटकी येतो. आणि तो तुमच्याकडचा हेल…"

"किल्ला कुठला दाखवलाय?" मी विचारलं.

"तुमच्याच भागातला. परांड्याकडचा."

"मग किल्लेदार काय विमानानं आणला होता का?"

साहेब म्हणाला, मी मीटिंगमध्ये आहे.

नाटकी! 'ये बाई' म्हणणाऱ्याला नाटकी म्हणतात! कमी करा म्हटलं असतं तर कमी केलं असतं. जन्मभर तेच केलं. बोलावून तर बघायचं. निदान सांगायचं तरी, की अप्पा, तुमचं तोंड पाहिजे, बाकीचे तुम्ही घरी राहा. बैल विकताना माणूस त्याच्या पाठीवरून हात फिरवतो. यांनी माणसाचा गळा काढून ठेवला आणि त्याला कळवायलाही कुणाला सवड झाली नाही.

अप्पा त्या दिवसापासून गप्प झाले. पाणी हवं तर हातानं खूण. बांधावर मी काही विचारलं तर मान. धाराशिवची नाटकवाली मंडळी आली. त्यांना जुन्या नाटकातला शेवटचा अंक करायचा होता, राज्य गेलेल्या राजाचा, अप्पांना घेऊन. आपल्या जिल्ह्यात अप्पांनी तो कधीच केला नव्हता. पोरगं घेऊन गेल्यावर कंपनीचा मुक्काम पुन्हा इकडं पडलाच नव्हता. ती मंडळी आशेनं बघत बसली. अप्पांनी नुसता हात हलवला. नाही. "येळवस झाल्यावर पुन्हा येतो," असं म्हणून ती गेली. अक्कानं ते सगळं चौकटीत उभं राहून ऐकलं आणि काही बोलली नाही. अक्का बोलत नाही तेव्हा सावध राहावं.

येळवस आली. कोप झाली, पूजा झाली. सगळं शिवार माणसांनी भरलेलं, ह्या बांधाला हसणं, त्या बांधाला भांडणं. अक्कानं आंबिलीचा तांब्या अप्पांपुढं धरला. अप्पांनी गळ्याला हात लावून मान हलवली. पथ्य. सवयीनं अजून चालूच होतं.

"गळा कुनासाटी जपायलास?" अक्का म्हणाली. "त्यांनी तर दुसऱ्याचा लावला."

तिनं तांब्या खाली ठेवला आणि चालायला लागली. ज्वारीत शिरली, पार दिसेनाशी झाली, आणि मग पलीकडं विहिरीच्या काठावर उगवली. हात कमरेवर.

"म्हन!"

अप्पा बसून. अक्का उन्हात उभी. आता आमच्यात सगळ्यात थोरलं माणूस जेवल्याशिवाय कुणी घास तोंडात घालत नाही. भज्जी निवायला लागली. बाजरीच्या उंड्यांवर माश्या. पोरं रडायला लागली. माझ्या पोटात तर असा आवाज झाला की अप्पांनी माझ्याकडं वळून बघितलं. शेवटी ते उठले.

"कोण आहे तिकडे?"

"ऐकू न्हाय आलं!"

"कोण आहे तिकडे?"

"ऐकू न्हाय आलं! त्या पिच्चरमदल्यावानी गुळगुळीत बोलू नगो!"

अप्पांनी मफलर काढला. तो माझ्या अंगावर फेकला. आणि त्यांनी ते वाक्य टाकलं. राजा सेवकाला हाक मारतो, तसं ते नव्हतं. त्या बंद खोलीत बसून आपल्या तोंडात बोललेल्या माणसाला ते विचारत होते. त्याला आणि त्याला तिथं बसवणाऱ्यांना. कोण आहे तिकडे? ज्वारी आडवी झाली. वारं नव्हतं, माझ्यावर विश्वास ठेवा. शेजारच्या रानात पंगत बसली होती, तिथला एकजण घास टाकून उठला आणि त्यानं हात वर केला. मग त्याच्या पलीकडच्या रानातून एक. मग नदीच्या अंगानं. माणसं दिसत नव्हती, ज्वारी उंच. नुसते हात. ज्वारीच्या वर हातच हात, भज्जीनं माखलेले, बांगड्यांचे, सोन्याच्या अंगठीचे. "म्या हाय!" "आमी हाय की!" "व्हय अप्पा, हाय!" सगळ्यात शेवटी अक्कानं हात वर केला. सावकाश.

ती परत आली आणि म्हणाली, "पी आता." अप्पांनी तांब्याभर आंबील उभ्यानं प्यायली. मिशीला लागलेली तशीच ठेवून म्हणाले, "त्या धाराशिवच्या पोरांना सांग, माइक काडाय लावीन म्हनावं."

लावलाच काढायला. त्या चैत्रात धाराशिवच्या नाट्यगृहात त्यांनी तो अंक केला. लोकांनी मोबाइल वर केले तर राजा मधेच थांबून म्हणाला, "ते खिशात ठिवा, कान काडा." काढले. म्हणून त्या अंकाचा तुकडाही कुणाकडं नाही. कंपनीच्या काळात आवाज धरून ठेवायची पद्धत नव्हती. आणि जिथं पुरा लावला, तिथं दुसऱ्याचा भरला. फौजदार, पाटील, नवरीचे बाप यांच्या तोंडी आवाज अप्पांचाच होता, पण 'कमी' केलेला. अप्पांचा पुरा आवाज आज ह्या जगात कुठल्याही पेटीत नाही. असेल तर कानांत आहे, आणि ते कानही एकेक करून चाललेत.

अप्पा गेले तेव्हा टीव्हीवर बातमी आली. निवेदिका डोळे ओले करून म्हणाली, भारदस्त आवाज हरपला. आणि पुढं नमुना म्हणून काय लावलं? तो किल्लेदार! त्या तेल लावलेल्या माणसाचा आवाज ऐकवून महाराष्ट्राला सांगितलं, हा गेला. अरे, तो कशाला जाईल? तो जिवंत आहे, खुशाल आहे, परवा रंगाच्या जाहिरातीत बोलताना ऐकलाय मी! अक्का टीव्हीपुढं बसली होती. ती म्हणाली, "हरपला न्हाय. ह्यांनी कवाच टाकून दिला व्हता." आणि उठून पाणी तापवायला गेली.

तर यंदाची येळवस. बायकोनं मोबाइल मुका करून घोंगड्यावर ठेवला. अक्का उठली. आता काठी आहे, दात नाहीत. काही न बोलता ज्वारीत शिरली, बऱ्याच वेळानं विहिरीवर उगवली आणि हात कमरेवर ठेवून उभी राहिली. कोपीपाशी कोणी नव्हतं. कोणीतरी उभं राहायला पाहिजे होतं. मी राहिलो. पोटात दोन तांबे आंबील आणि डोक्यात सगळा राग. छाती भरून घेतली आणि ओरडलो, "कोण आहे तिकडे?"

"ऐकू न्हाय आलं!"

पुन्हा ओरडलो. शिरा तटतटल्या, खोकला आला.

"ऐकू न्हाय आलं!"

बायको हळूच म्हणाली, "राहू द्या हो. वय झालंय अक्काचं. कमी ऐकू येत असंल." आणि मोबाइल उचलायला गेली, तेवढ्यात तिचा अंगठा भलतीकडं पडला. किल्लेदार बोलायला लागला. गुळगुळीत, बारीक, तळहाताएवढ्या यंत्रातून.

विहिरीवरून काठी वर झाली.

"बंद करा त्येला!"

बायकोनं घाईनं बंद केला. अक्कानं काठी खाली टेकली, हात पुन्हा कमरेवर ठेवला आणि कोपीकडं तोंड करून उभी राहिली.